बुरशीचा वाटा किती, तेवढं सांगा

जिवंत बुरशीच्या संकेतांवर रोबो चालवणाऱ्या विद्यापीठांतील संशोधकांना, त्यांच्या विभागप्रमुखांना आणि त्यांच्या कामाची प्रसिद्धिपत्रकं लिहिणाऱ्यांना,

सप्रेम नमस्कार.

मी कल्चर-रूममध्ये काम करते. काचेच्या नळ्यांत तिरक्या गोठवलेल्या आगरवर, म्हणजे बुरशी वाढवायच्या जेलीसारख्या थरावर, बुरशीचे वाण जिवंत ठेवायचे, ठरल्या दिवशी ते नव्या नळीत उतरवायचे, आणि रोज सकाळी एकेक नळी उजेडाकडे धरून कुठे हिरवट ठिपका दिसतो का ते पाहायचं. सतरा वर्षं हेच चाललं आहे. रोबोटिक्समधलं मला तुमच्याइतकं कळत नाही. पण तुमच्या यंत्रांत आता जो जीव बसवला जातोय त्याच्याशी माझा रोजचा संबंध आहे, आणि त्याच नात्याने हे पत्र लिहिते आहे.

ऑगस्ट २०२४ च्या अखेरीस कॉर्नेल विद्यापीठाच्या गटाचा शोधनिबंध ‘सायन्स रोबोटिक्स’मध्ये आला, तेव्हा त्याची चित्रफीत आम्ही सगळ्यांनी काम टाकून, उभ्याउभ्याच पाहिली. किंग ऑयस्टर, म्हणजे प्लुरोटस एरिंजाय या अळिंबीचं कवकजाल, म्हणजे तिच्या बारीक तंतूंचं जाळं, इलेक्ट्रोडभोवती वाढवलेलं. त्यातले विजेचे बारीक चढउतार टिपून एक मऊ पायांचा रोबो पावलं टाकतो आणि दुसरा चाकांवर पुढे सरकतो. जाळ्यावर अतिनील प्रकाश टाकला की चाल बदलते. ज्या पांढऱ्या, कापसासारख्या थराला मी रोज हात लावते, त्याच्यामुळे काहीतरी चाललं हे पाहताना अंगावर काटा आला होता. आनंद मिश्रा, रॉब शेफर्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या त्या कामाबद्दल मला मनापासून आदर आहे. पुढे जे म्हणणार आहे, ते या आदराला धरूनच.

त्याच संध्याकाळी आमच्याकडे शिकायला आलेल्या मुलीने हात धुता धुता विचारलं, “ताई, म्हणजे पाय कुठे टाकायचा ते त्या बुरशीला कळतं?”

मला पटकन उत्तर देता आलं नाही. घरी जाऊन निबंध वाचला. उत्तर त्यात होतं, नीट लिहिलेलं होतं. जाळ्यातून व्होल्टेजची एक वरखाली होणारी रेघ मिळते. आजूबाजूची कंपनं आणि विजेचा गोंगाट अडवून ती टिपली जाते. मग संगणकातली प्रणाली त्या रेघेतले उंचवटे ओळखते आणि त्यांचे आदेश बनवून झडपांना व मोटारींना पाठवते. ही मांडणी प्राण्यांच्या मज्जासंस्थेतल्या ताल निर्माण करणाऱ्या मंडलांवरून सुचलेली आहे, म्हणजे चालताना पावलांचा ठेका आपोआप धरून ठेवणारी ती मज्जापेशींची जुळणी. कोणत्या उंचवट्याला कोणता पाय उचलायचा हे माणसाने ठरवलेलं आहे. बुरशीला पाय आहेत हेच मुळात बुरशीला माहीत नाही.

निबंधात हे सगळं आहे. पण त्या मुलीने निबंध वाचलेला नव्हता. तिने बातमी वाचली होती, आणि बातमीत बुरशी रोबो ‘चालवत’ होती. कुठे तर बुरशीला ‘शरीर मिळालं’ होतं.

माझं मागणं एवढंच आहे. रोबोच्या हालचालीत जिवंत जाळ्याचा वाटा किती आणि तुमच्या प्रणालीचा किती, हे दर वेळी प्रयोग करून दाखवा. आणि ते निबंधाच्या मधल्या पानांत न ठेवता, सामान्य माणूस जे वाचतो त्याच्या पहिल्या परिच्छेदात सांगा.

हे मागणं मी का करते, ते सांगण्यासाठी थोडं मागे जावं लागेल.

बुरशीत वीज असते ही गोष्ट जुनी आहे. न्यूरोस्पोरा क्रासा या बुरशीच्या एका तंतूच्या आतबाहेर सुमारे २०० मिलिव्होल्टचा फरक असतो. आपल्या मज्जापेशीत तो विश्रांतीच्या वेळी ७० च्या आसपास असतो. पेशीच्या पटलातले पंप प्रोटॉन सतत बाहेर फेकत असतात, त्यातून हा फरक उभा राहतो आणि त्याच्याच जोरावर बुरशी अन्न आत ओढून घेते. म्हणजे वीज हा तिच्या जेवणाखाण्याचाच भाग. क्लिफर्ड स्लेमन आणि सहकाऱ्यांनी १९७६ मध्ये याच बुरशीत मज्जापेशींतल्यासारखे आवेग, म्हणजे विजेचे क्षणिक झटके, नोंदवले होते.

पण मला सगळ्यात जवळचा वाटतो तो १९९५ चा प्रयोग. स्टेफान ओल्सन हे बुरशीचे अभ्यासक आणि बिल हॅन्सन कीटकांच्या मज्जासंस्थेचे. दोघांनी मिळून आर्मिलारिया नावाच्या बुरशीच्या आणि धिंगरी अळिंबीच्या जाळ्यात सूक्ष्म इलेक्ट्रोड घातले. सेकंदाला अर्धा ते पाच असे आवेग मिळाले. जाळ्यावर लाकडाचा ठोकळा ठेवला, आवेगांचा वेग वाढला. लाकूड हे या बुरशीचं अन्न, त्यामुळे इथेच थांबून ‘बुरशीने अन्न ओळखलं’ असं जाहीर करायचा मोह कुणालाही झाला असता. त्यांनी तेवढ्याच आकाराचा, तेवढ्याच वजनाचा प्लॅस्टिकचा ठोकळा ठेवून पाहिला. आवेग वाढले नाहीत. वजनामुळे, दाबामुळे, नुसत्या धक्क्यामुळे हे होत असेल ही शंका त्या एका ठोकळ्याने मिटवली.

तो प्लॅस्टिकचा ठोकळा मला तुमच्या प्रत्येक रोबोशेजारी हवा आहे.

त्याचं महत्त्व मला पुस्तकातून कळलेलं नाही. काही वर्षांपूर्वी मी दुसऱ्या एका संस्थेत होते, तिचं नाव इथे घेत नाही. तिथे दोन विद्यार्थ्यांनी हौसेने धिंगरीच्या पेट्री डिशमध्ये बारीक सुयांचे इलेक्ट्रोड टोचले, अॅम्प्लिफायर जोडला आणि डिश इनक्युबेटरमध्ये, म्हणजे तापमान कायम राखणाऱ्या कपाटात, ठेवली. दुसऱ्याच दिवशी पडद्यावर उंचवटे दिसायला लागले. देखणे, एकसारखे, ठरावीक अंतराने येणारे. सगळा मजला बघायला आला. मीही खूश होते, कारण कल्चर माझं होतं. चार दिवसांत संस्थेच्या फलकावर आणि मग वार्षिक अहवालात ‘आमच्या अळिंब्या बोलू लागल्या’ असा मजकूर गेला.

त्या आठवड्यात एका रात्री मी एकटीच नळ्या उतरवत बसले होते. बर्नर बंद केला, खोली शांत झाली. इनक्युबेटरचा कॉम्प्रेसर टक् करून सुरू झाला आणि पडद्यावरची रेघ वर गेली. बंद झाला, रेघ खाली आली. मी खुर्ची ओढून समोर बसले आणि तासभर तेवढंच पाहत राहिले. टक्, वर. टक्, खाली. मग फ्रीजमधून कोऱ्या आगरची डिश काढली, जिच्यात बुरशीचा एक तंतूही नव्हता, तिच्यात त्याच सुया टोचल्या. तेच देखणे उंचवटे.

दुसऱ्या दिवशी मी सांगितलं. विद्यार्थ्यांनी ते मनाला लावून न घेता कामाला लावलं, ही त्यांची मोठी गोष्ट. डिश इनक्युबेटरमधून बाहेर काढली, थर्मोकोलच्या खोक्यात ठेवली, खोक्याला बाहेरून फॉइल गुंडाळून ते अर्थिंगला जोडलं. शेजारी कोऱ्या आगरची एक डिश, आणि तिसरी डिश ऑटोक्लेव्हमध्ये, म्हणजे दाबाखालच्या वाफेने निर्जंतुक करणाऱ्या यंत्रात, १२१ अंशांवर मारून घेतलेल्या जाळ्याची. देखणे उंचवटे गेले. कोऱ्या आगरची रेघ सपाट. मेलेल्या जाळ्याची रेघ एका बाजूला हळूहळू घसरत जाणारी. आणि जिवंत जाळ्याच्या रेघेत मधूनच, वाटेल त्या अंतराने, एक लहानसा, वाकडातिकडा फुगवटा यायचा. देखणा मुळीच नव्हता. पण तो फक्त तिथेच होता. त्या दिवशी मला पहिल्यांदा खात्रीने म्हणता आलं की हे माझ्या बुरशीचं आहे.

वार्षिक अहवालातला मजकूर मात्र कुणी बदलला नाही. तो अजून तसाच आहे, आणि अधूनमधून कुणीतरी मला तो कौतुकाने दाखवतं. प्रत्येक वेळी पोटात तुटतं, कारण खरी गोष्ट त्या छापलेल्या गोष्टीपेक्षा चांगली होती.

आता तुमच्या क्षेत्राकडे पाहा. ओल्सन आणि हॅन्सन यांना सेकंदाला अर्धा ते पाच आवेग मिळाले. अँड्र्यू अॅडमाट्झ्की यांनी २०१८ मध्ये गुलाबी धिंगरीच्या फळांत, म्हणजे आपण खातो त्या छत्रीसारख्या भागात, सुईचे इलेक्ट्रोड घालून मोजलं, तेव्हा दोन ठेके मिळाले: एक सुमारे २.६ मिनिटांचा आणि दुसरा सुमारे १४ मिनिटांचा. एका ठिकाणी सेकंद, दुसऱ्या ठिकाणी मिनिटं. इलेक्ट्रोड तंतूच्या आत आहे की बाहेर, कवकजालात आहे की फळात, यावर पुष्कळसं अवलंबून असणार. दोन्ही मोजमापं आपापल्या जागी ठीक असतील. पण ‘बुरशीचा संकेत’ असा एकवचनी शब्द वापरून पुढे जाण्याइतकं हे अजून स्थिर झालेलं नाही. अशाच आवेगांचे गट पाडून अॅडमाट्झ्की यांनी २०२२ मध्ये त्यांची तुलना मानवी भाषांतल्या शब्दांशी केली, तेव्हा बुरशीचा शब्दसंग्रह पन्नासपर्यंत जातो अशा बातम्या जगभर गेल्या. भाषा म्हणण्याआधी खूप काही सिद्ध व्हायला हवं, असा आक्षेप बुरशीच्याच अभ्यासकांनी घेतला. पण लोकांच्या लक्षात बातमी राहिली, आक्षेप राहिला नाही.

प्रकाशाचा प्रयोग तर आणखी जपून करण्याचा आहे. धातूच्या इलेक्ट्रोडवर प्रकाश पडला तर बुरशी नसतानाही व्होल्टेज सरकू शकतं. विजेची मोजमापं करणाऱ्या प्रत्येकाला हा त्रास माहीत आहे. अतिनील दिव्याने डिश थोडी तापते, तापली की आगरमधलं पाणी उडतं, पाणी उडालं की क्षारांचं प्रमाण बदलतं आणि रेघ हलते. म्हणून दिवा लावताच रोबोची चाल बदलली, एवढं दाखवून भागत नाही. तोच दिवा, तेवढाच वेळ, तेवढ्याच अंतरावरून कोऱ्या आगरवर आणि मेलेल्या जाळ्यावर लावायला हवा, आणि ती रेघही त्याच आकृतीत छापायला हवी.

एक चाचणी मी सुचवते, ती करायला फार काही लागत नाही. काल टिपून ठेवलेली जाळ्याची नोंद आज रोबोला वाजवून दाखवा, जाळं काढून घेऊन. रोबो चालेलच, बहुधा कालच्यासारखाच चालेल. मग आज डिशमध्ये जे जिवंत होतं त्याने काय केलं? उत्तर सापडतं ते दिवा लावल्यावर. जुन्या नोंदीला दिवा दिसत नाही, जिवंत जाळ्याला दिसतो. जिवंत असण्याचा अर्थ या यंत्रात तेवढाच आहे आणि तो थोडाथोडका नाही: आत्ता, या क्षणी, बाहेर जे घडतंय त्याला उत्तर देणं. कॉर्नेलच्या गटाने जाळ्याचे मूळचे संकेत पूर्णपणे झाकून टाकता येतात हेही दाखवलं होतं. माझ्या मते त्या निबंधातली सगळ्यात मोलाची गोष्ट ती होती, आणि बातम्यांत तिच्या वाट्याला जेमतेम एक ओळ आली.

बाहेरच्याला उत्तर देण्याची ही ताकद पुढे कुठे नेता येईल हेही त्या गटाने सांगितलं आहे: मातीतली रसायनं जाळ्यालाच ओळखू द्यायची आणि पिकाला खत कधी द्यायचं ते यंत्राने त्यावरून ठरवायचं. हे ऐकून मला खरोखर बरं वाटलं. बुरशीला मातीतलं जे कळतं ते आपल्या कोणत्याही एका सेन्सरला कळत नाही. पण उद्या अशा यंत्रावर विसंबून कुणी शेतात खत टाकणार असेल, तर ते यंत्र मातीचं ऐकतंय की पंपाच्या मोटारीचं, हे आज प्रयोगशाळेत ठरलेलं असलं पाहिजे.

हे क्षेत्र कॉर्नेलपासून सुरू झालेलं नाही, हेही जाता जाता नोंदवते. साउदॅम्प्टन विद्यापीठात क्लाउस-पीटर झाउनर आणि त्यांच्या जपानी सहकाऱ्यांनी २००६ मध्ये फायसारम या पिवळ्या श्लेष्मबुरशीवर सहा पायांचा रोबो चालवला होता. नावात बुरशी असली तरी फायसारम खरी बुरशी नव्हे, ती अमीबांच्या गोतातली आहे. प्रसिद्धिपत्रकं लिहिणाऱ्यांनी निदान हा घोळ करू नये. त्या प्रयोगात एक गोष्ट फार सुंदर होती. रोबोवर पडलेला उजेड त्याच्या सेन्सरने ओळखायचा आणि तसाच उजेड त्या जीवावर टाकायचा. फायसारमला उजेड नको असतो, ती आक्रसते, आणि रोबो अंधाराकडे वळतो. म्हणजे यंत्राला जे घडलं ते जीवापर्यंत परत पोचत होतं. अशी परतीची वाट जाळ्याच्या रोबोला मिळाली, पाय दगडावर आपटल्याचं जाळ्याला कोणत्या तरी रूपाने समजलं, तर ‘बुरशी रोबो चालवते’ या वाक्यात बराच अर्थ भरेल. त्या दिवसाची मी वाट पाहते आहे.

आणि आता माझ्या खोलीतलं थोडं. जाळं इलेक्ट्रोडभोवती नीट धरायला दिवस नव्हे, आठवडे लागतात. त्या काळात ट्रायकोडर्मा या हिरव्या बुरशीचा एक बीजाणू आत गेला की संपलं. पांढऱ्यावर हिरवा डाग पसरतो आणि आठवड्यांचं काम ऑटोक्लेव्हच्या पिशवीत जातं. वाण पुन्हा पुन्हा नळीतून नळीत उतरवला की तो थकतो, वाढ विरळ होते, कधी एका कोपऱ्यात वेगळ्याच रूपाचा पट्टा निघतो. नाव तेच, पण महिन्याभरापूर्वीची बुरशी ती नव्हेच. म्हणून निबंधात नुसतं ‘प्लुरोटस एरिंजाय’ असं लिहून पुरत नाही. कोणता वाण, कोणत्या कल्चर संग्रहातला, त्याचा क्रमांक काय, कितव्यांदा उतरवलेला, हे लिहा, म्हणजे दुसऱ्या कुणाला तोच प्रयोग करता येईल. किती डिश लावल्या, किती सडल्या, आणि ज्या निरोगी होत्या पण ज्यांच्यातून काहीच संकेत आला नाही अशा किती, तेही लिहा. ज्या गप्प राहिल्या त्या डिशसुद्धा त्या बुरशीच्याच होत्या. कच्च्या नोंदी उघड्या ठेवा, म्हणजे माझ्यासारखी एखादी रात्री बसून कॉम्प्रेसरचा ठेका शोधू शकेल.

कॉर्नेलच्या गटाने कॅथी हॉज या बुरशीशास्त्रज्ञांना सोबत घेतलं आणि निबंधावर त्यांचं नाव आहे, हे पाहून मला समाधान वाटलं. सगळीकडे असं होत नाही. जाळं हे बाजारातून आणलेल्या सुट्या भागासारखं वापरलं जातं, आणि ते ज्याने जगवलं त्याचं नाव आभाराच्या ओळीतही येत नाही. बुरशी ओळखणारा माणूस पहिल्या दिवसापासून टेबलाशी असेल तर कोऱ्या डिशची आठवण करून द्यायला तो असतो.

विभागप्रमुखांना वेगळं सांगते. ‘मशरूमने रोबो चालवला’ या मथळ्यामुळे निधी मिळतो, विद्यार्थी येतात, हे मला समजतं. माझ्या आधीच्या संस्थेतही फलक होता. पण आमच्याकडे शिकायला येणारी मुलं त्या मथळ्यावरूनच या वाटेला लागतात, आणि त्यांतली जी खरोखर हुशार असतात त्यांना दुसऱ्या वर्षात कळतं की मथळ्यात आणि निबंधात अंतर होतं. त्यांचा विश्वास तेव्हा मथळ्यावरून उडत नाही, निबंधावरून उडतो. हात धुता धुता प्रश्न विचारणाऱ्या त्या मुलीला मी दुसऱ्या दिवशी सगळं समजावून सांगितलं. ती हिरमुसेल असं वाटलं होतं. तिने विचारलं, “मग मेलेल्या जाळ्यावर करून बघितलं तर?”

तिच्या त्या प्रश्नासाठी, पुढच्या चित्रफितीत एकाऐवजी दोन रोबो ठेवा. सारखेच, एकाच टेबलावर, एकाच्या डिशमध्ये जिवंत जाळं आणि दुसऱ्याच्या डिशमध्ये ऑटोक्लेव्हमधून काढलेलं. कोणत्या डिशमध्ये काय आहे ते आधी सांगू नका. दोघांवर एकाच वेळी दिवा लावा, आणि कॅमेरा चालू राहू द्या.

आपली,
कल्चर-रूममधली एक कर्मचारी